आधी ढोल की आधी शिंग

एका आडगावात एक राखणदार होता आणि त्याच्या डोक्यात कायम गोंधळ होता. दोन्ही आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढं नवल वाटायला नको. माणूस तसा कष्टाळू. सगळा जीव त्याच्या एकुलत्या एका गाईवर.

गावाच्या वेशीवर शिंग, ढोल आणि घंटा टांगलेली असत. संकट आलं की राखणदारानं तिन्ही वाजवायची, पण कुठलं आधी वाजलं आणि कुठलं नंतर, यावरून गाव काय ते समजे. शिंग, ढोल, घंटा असं वाजलं की आग. घागरी भरून धावायचं. ढोल, शिंग, घंटा असं वाजलं की वाघ. दारं लावून घरात बसायचं. वाद्यं तीनच, पण मागंपुढं करून सहा खुणा होत, आणि सगळ्या त्याला तोंडपाठ होत्या.

एकदा गावच्या पाटलीणबाईंनी त्याला सांगितलं, गल्लीतल्या पाच सवाष्णींपैकी कुठल्याही तिघींना जेवायला बोलाव. हा दुपारपर्यंत बोटांवर मोजत बसला. मग येऊन म्हणाला, निवडीचे साठ प्रकार होतात, त्यातला कुठला घेऊ? पाटलीणबाई हसू लागल्या. तुळसा, सारजा, भागीरथी काय किंवा भागीरथी, सारजा, तुळसा काय, पानावर बसणाऱ्या तिघी त्याच ना? हा शहाणा तिघींचा एकेक गट सहा-सहा वेळा मोजत होता. खरे प्रकार दहाच. गावभर त्याची चेष्टा झाली. बिचारा इतका ओशाळला, की त्यानं कानाला खडा लावला. यापुढं आधी कोण आणि नंतर कोण बघायचंच नाही, सगळे आले म्हणजे झालं.

आणि इथंच घोळ झाला.

एका दुपारी त्याच्या गोठ्याचं छप्पर पेटलं. आत गाय बांधलेली. वेशीवरून धूर दिसताच त्यानं हाताला आला तो ढोल बडवला, मग शिंग फुंकलं, घंटा हलवली आणि घागरींची वाट बघत उभा राहिला. कुणी येईना. उलट गल्लीतली दारं धडाधड लागली. तिन्ही वाजवली, एकही राहिलं नाही, मग गावाला झालंय काय? त्यानं एक दार ठोठावलं. आतून म्हातारबाबा ओरडले, "अरे वेड्या, बाहेर वाघ आहे, आत ये!"

आता ऐका पुढचं. वाघ म्हटल्यावर त्याची बोबडी वळली आणि हा खरंच आत जाऊन कडी लावून बसला. आग आणि वाघ एकदम आले कसे, याचाच विचार करत राहिला. धूर घरात शिरला तेव्हा कुठं सगळे बाहेर आले. तोवर गोठ्याचा कोळसा झाला होता. गाय दावं तोडून निसटली होती, पण तिची पाठ भाजली होती.

राखणदार ढसाढसा रडला. पाटलीणबाईंना म्हणाला, "बाई, सवाष्णींना क्रम लावला तर तुम्ही हसलात. ढोलाला नाही लावला तर माझी गाय भाजली. मी ओळखायचं तरी कसं?"

पाटलीणबाई या वेळी हसल्या नाहीत. "दोघांची अदलाबदल करून बघायची," त्या म्हणाल्या. "काही बदललं नाही, तर क्रम सोडून दे. बदललं, तर धरून ठेव."

त्याला पटलं. मग तो गाईच्या पाठीला लोणी लावायला जवळ गेला. ती अंग चोरून मागं सरली.

तात्पर्य एवढंच घ्यायचं: एकीकडे फजिती झाली म्हणून तिथला धडा सगळीकडे लावू नये, जागा बदलल्यानं गोष्ट बदलते का ते आधी बघावं, मग मोजावं.