नावं गिळणारं तळघर

एकदा काय झालं, समुद्रकाठच्या एका गावात पोरांना नावंच टिकेनात. बारशाला आत्या बाळाच्या कानात कुर्र करून नाव सांगायची, बायका तिच्या पाठीत धपाटे घालायच्या, सगळं रीतसर. पण दिवेलागण झाली की ते नाव कुणालाच आठवायचं नाही. आणि नाव नाही तर हाक कशी मारणार? मग ती बिननावाची पोरं रांगत रांगत भरतीच्या पाण्याकडे जायची. पांघरूण घे गं, यमू.

त्या गावात गोमती होती. मेलेली माणसं कुठून आली, कशी जगली, ते शोधायचं हाच तिचा उद्योग. "मढी उकरते मेली," लोक म्हणायचे. तिच्या भावाला मुलगी झाली. उद्या बारसं.

"माझी भाची मी समुद्राला द्यायची नाही," म्हणाली, आणि होडीत बसून थेट पाण्यातल्या किल्ल्यावर गेली. कारण तिनं हुडकलं होतं, बरं का. फार पूर्वी व्यापाऱ्यांनी समुद्रापलीकडून, हबशांच्या मुलखातून, माणसं पळवून आणली. किल्ल्याच्या तळघरात कोंडली आणि विकली. त्यांची नावंसुद्धा हिसकून घेतली. तीच आता मेल्यावर नावांसाठी उपाशी होऊन पोरांची नावं गिळत होती.

तळघरात काळोख. काळोखात कुणाचे तरी श्वास.

गोमतीनं शोधलेलं नाव घेतलं, "कापूर!" काळोख गुडघ्यापर्यंत चढला. मग "याकूत!" कमरेपर्यंत चढला. मग "चंदन!" तो गळ्याला लागला, आणि गोमतीला स्वतःचंच नाव आठवेना! भ्याली हो, रडलीसुद्धा.

मग तिच्या ध्यानात आलं. अगं बाई! कापूर, याकूत म्हणजे माणिक, चंदन, हा तर दुकानातला माल! विकणाऱ्यानं ठेवलेली नावंच मी घेऊन आले.

"कुर्र," ती काळोखाला म्हणाली. पण नाव सांगितलं नाही. उलट आपलाच कान पुढे केला. "तुमच्या आईनं काय ठेवलं होतं?"

गार ओठ कानाला लागले. "बोंतू." काळोख जरा उतरला. मग दुसरे ओठ. "हिर्पा." आणखी उतरला. मग तिसरे, इवलेसे.

"मला आठवत नाही. फार लहानपणी आणलं मला."

मनानंच एखादं ठेवून द्यावं, असं गोमतीच्या ओठांवर आलं होतं. पण तसं त्या विकणाऱ्यानं एकदा केलंच होतं ना! ती म्हणाली, "सापडेपर्यंत शोधीन, बाळा. तोवर चल आमच्यात."

मग काळोख ओसरला. गोमतीला आपलं नाव आठवलं. बारसं झालं, भाचीचं नाव टिकलं, सगळी सुखानं नांदली. त्या गावातल्या आत्या अजून कुर्र करून क्षणभर गप्प राहतात. त्या तिसऱ्यासाठी.

चला, मिटा डोळे. मी हाक मारते, ज्यानं त्यानं ओ द्यायची नि झोपायचं. यमू? विसू?

आणि आणखी एक ओ आली, तर भ्यायचं नाही. थोडं सरकायचं नि जागा द्यायची.