अनसाबाईचं एकच वाक्य

ही गोष्ट कुणाला सांगायची नाही, असं मला आईने बजावलं आहे. पण नावं बदलून सांगितली तर चालेल, असं मला वाटतं.

एका गावात नथू नावाचा एक नकलाकार राहत होता. लहानपणी तो अभ्यासात मागे होता आणि खेळात त्याहून मागे. एकदा त्याने मास्तरांच्या शिंकेची नक्कल केली आणि सगळा वर्ग हसला. आपल्यालाही काहीतरी जमतं, हे नथूला तेव्हा कळलं. नकला करता करता तो नाटकात आला. मनासारखी विनोदी कामं मिळेनात, म्हणून स्वतः नाटकं लिहू लागला. ती कुणी करेना, म्हणून त्याने स्वतःची नाटक मंडळी काढली. आता लिहिणारा तोच, नट तोच आणि मालकही तोच.

नव्या नाटकात नथू जावई झाला होता. हा जावई अधिक महिन्यात सासरी जेवायला येतो आणि हलायचं नाव घेत नाही. शेवटी एकदा उगाच म्हणतो, "आता निघावं म्हणतो." सगळ्यांनी 'राहा की' म्हणावं, ही त्याची अपेक्षा. तेवढ्यात कोपऱ्यातली म्हातारी आत्या म्हणते, "चपला मी परवाच पुसून ठेवल्यात."

आत्याला नाटकभर एवढं एकच वाक्य होतं. ते काम अनसाबाई करायच्या. पहिल्याच प्रयोगाला लोक इतके हसले, की नथूचे पुढचे विनोद कुणाला ऐकूच गेले नाहीत.

नथू हसला नाही. पुढच्या प्रयोगात त्याने ते वाक्य जावयाला दिलं. "अरेच्चा! माझ्या चपला कुणीतरी परवाच पुसून ठेवल्यात वाटतं!" असं तो डोळे गरागरा फिरवत म्हणाला. पुढे बसलेली दोन मुलं हसली, तीही डोळ्यांना. पण त्याचा राग धरू नका. ज्याला आयुष्यात एकच गोष्ट मिळालेली असते, त्याला ती वाटून घ्यायची भीती वाटते.

दुसऱ्या दिवशी तालमीला अनसाबाई बोचकं घेऊनच आल्या.

"मी घरी निघते, मालक." एरवी त्या त्याला नथू म्हणायच्या.

"का? आत्या तिथे उभी पाहिजे की."

"नुसतं उभं राहायला खांब आहे."

जत्रेतला प्रयोग तोंडावर आला होता. तो पडला तर मंडळीला पुन्हा कुणी बोलावणार नव्हतं. नथू हातातली खोटी मिशी उलटसुलट करत बसला. मग म्हणाला, "तुमचं वाक्य परत घ्या."

"वाक्य तुम्ही लिहिलंय."

"लिहिलं मी. हशा तुमचा आहे."

अनसाबाईंनी बोचकं खाली ठेवलं.

"पण तेव्हा मी काय करू?" नथूने विचारलं.

"गप्प राहा."

"ते मला कधी जमलंय?"

"मग लोकांकडे पाठ कर, नथू. तोंड दिसलं की तू काहीतरी करशीलच."

जत्रेत नथूने तसंच केलं. अनसाबाईंनी वाक्य म्हटलं आणि मांडव हसून हसून हलला. नथू पाठमोरा उभा होता. हशा पूर्ण विरेपर्यंत तो हलला नाही.

खेळ संपल्यावर जत्रेचे पंच आत आले. "आत्यानं कमाल केली हो! पुढच्या वर्षीही याच. आणि तुम्ही कोण झाला होता?"

"जावई," नथू म्हणाला.

"हां हां, तो चपलांचा धनी!"

नथूला थोडं लागलं. मग तोच सगळ्यांत आधी हसला.

तात्पर्य: सगळं आपल्या हातात असलं, तरी सगळं आपल्याच तोंडी घेऊ नये; ज्याला जे शोभतं, ते त्याला द्यावं. आणि देताना वाईट वाटलं तरी लाजू नये, कारण तेव्हा आपल्याकडे कुणीच बघत — आले गं आई, एवढं वाक्य पुरं करून—