ङोमा म्हणजे ङोमा

कांगो नदीच्या काठी एक गाव होतं, आणि त्या गावात माकाया नावाचा एक भोळा गडी होता. भोळा म्हणजे किती? आई म्हणाली, "अंगणातल्या मक्यावर नजर ठेव." कोंबड्यांनी मका फस्त केला, तरी हा नजर ठेवूनच होता. संध्याकाळी आईला त्यानं नीट सांगितलं, किती कोंबड्या आल्या, कुठल्या रंगाच्या होत्या, आणि कुठली जास्त जेवली.

त्या मुलखात एक शब्द आहे, ङोमा. आपल्याकडे 'ङ' हे अक्षर तक्त्यावर नुसतं बसून असतं. मास्तर ते घोकून घेतात आणि कुठं वापरायचं ते सांगत नाहीत. तिकडे त्याला काम आहे. ढोल म्हणजे ङोमा. ढोलावरचा नाच म्हणजे ङोमा, गाणंही ङोमाच. लग्नाला लोक जमले, ङोमा. मयताला जमले, ङोमा. कुणाच्या अंगात काही शिरलं आणि ते काढायला सगळे जमले, तोही ङोमा. मुखियाला गादीवर बसवतात, त्यालाही दुसरा शब्द नाही.

हे सगळं गावातल्या म्हाताऱ्यांना ठाऊक होतं. ते दिवसभर आंब्याखाली ताडी पीत बसत. सांगायचं मात्र त्यांच्या जिवावर येई. कुणी विचारलं तर म्हणत, "आमच्या वेळी पोरं विचारत नव्हती." मग त्यांना कसं कळलं, असं विचारलं की काठी उचलत.

माकायाला लुझोलोशी लग्न करायचं होतं. लुझोलोचंही मन होतं. पण तिकडे पोरगी द्यायची की नाही ते तिचा मामा ठरवतो. तिचा मामा लुकोकी आंब्याखालच्या म्हाताऱ्यांतला सगळ्यात वजनदार. जुना मुखिया वारला होता आणि पावसाळ्याआधी लुकोकीमामाच गादीवर बसणार होता.

माकाया ताडीचा भोपळा घेऊन त्याच्याकडे गेला. मामानं आधी ताडी संपवली, मग तोंड उघडलं.

"ङोमात कसं वागायचं ते तुला येत नाही. माणसात शोभत नाहीस तू."

"शिकेन, मामा."

"शीक. माझ्या गादीच्या ङोमात शेवटपर्यंत टिकलास, कुणी तुला हाकललं नाही, तर पोरगी तुझी. नाहीतर तोंड दाखवू नकोस."

"पण ङोमात करायचं काय असतं?"

"ङोमा म्हणजे ङोमा!" मामा म्हणाला, आणि रिकामा भोपळा त्याच्या हातात दिला.

दुसऱ्या दिवशी म्हाताऱ्यांनी माकायाला ढोल आणायला पाठवलं. त्यानं आणला, थाप मारली. ढोल भद् करून गप्प. रात्रीच्या दवानं चामडं सैल पडलं होतं.

म्हातारे खेकसले, "अरे, गार पडलाय दिसत नाही? असा गार पडून गप्प झाला की विस्तवाजवळ घ्यावा. चांगला शेकावा. मग पोटावर थापा माराव्यात, बोलायला लागेपर्यंत. एवढंही कळत नाही?"

माकायानं हे डोक्यात पक्कं बसवलं. डोक्यात जागा भरपूर होती.

चार दिवसांनी निरोप आला, "मासाम्बाच्या घरी ङोमा आहे, ये."

"कसला ङोमा?"

"ङोमा म्हणजे ङोमा. चल!"

माकाया गेला. म्हातारा मासाम्बा चटईवर आडवा होता. माकायानं हात लावून पाहिला. गार. हाक मारली. गप्प. आजूबाजूला एवढी माणसं, आणि सगळी नुसती रडत बसलेली! माकायाला त्यांची कीव आली. त्यानं चुलीतली पेटती लाकडं उचलून चटईशेजारी मांडली, मासाम्बाला चांगला शेकला, आणि त्याच्या पोटावर धपाधप थापा मारायला लागला.

"बोलेल, आत्ता बोलेल!" तो विधवेला धीर देत होता.

मासाम्बा बोलला नाही. विधवा बोलली. मुसळ घेऊन बोलली. माकाया भाताच्या खळ्यापर्यंत पळाला, तिथं म्हाताऱ्यांनी त्याला गाठला.

"गाढवा, असल्या ठिकाणी जमिनीवर अंग टाकावं! गडाबडा लोळावं! 'किती चांगला होता, ऐन उमेदीत गेला, आता आमचं कसं होणार' असं मोठ्यानं रडावं, आणि निघताना त्याच्यावर मूठभर माती टाकावी. एवढंही कळत नाही?"

"मासाम्बा ऐन उमेदीत होते?" माकायानं विचारलं. मासाम्बाला एकही दात नव्हता.

"तसं म्हणायचं असतं!"

माकायानं तेही बसवलं.

पुढच्या आठवड्यात पुन्हा निरोप. "कोळ्याच्या वाड्यात ङोमा आहे, ये."

"कसला?"

"किती वेळा सांगायचं? ङोमा म्हणजे ङोमा."

कोळ्याच्या अंगणात ढोल वाजत होते आणि मधोमध कोळ्याचा पोरगा नवी लुंगी नेसून, तेल चोपडून बसला होता. शेजारी नवरी. माकायानं दारातच अंग टाकलं. लोळत लोळत तो थेट नवऱ्यापर्यंत आला आणि त्याचे पाय धरून हंबरडा फोडला.

"किती चांगला होता रे! काल नदीवर हसत होता! ऐन उमेदीत गेला! आता याचं कसं होणार!"

ढोल थांबले. नवरी रडायला लागली. वीसवीस वर्षं संसार केलेले दोघेतिघे कडेला बसले होते, त्यांनी नकळत मान हलवली. बायकांनी बघितलं तशी थांबवली. तेवढ्यात माकायानं नवऱ्याच्या तेलकट डोक्यावर मूठभर माती टाकली, आणि निघाला.

या वेळी कोळ्यानं वल्हं उचललं. मार खाऊन झाल्यावर म्हाताऱ्यांनी नवा धडा दिला.

"मूर्खा, असल्या ठिकाणी हसावं! मधे जो बसलाय त्याचे हात धरून त्याला उठवावं, नाचवावं, आणि तोंड भरून म्हणावं, 'एकाचे दोन होऊ देत, दोनाचे चार होऊ देत!' एवढंही—"

"कळत नाही," माकायानं वाक्य पुरं केलं. हे एक त्याला पाठ झालं होतं.

त्या संध्याकाळी लुझोलो त्याला पाणवठ्यावर भेटली. "दोन झाले," ती म्हणाली, "मामाला आनंदाच्या उकळ्या फुटतायत. तू जातोस कशाला?"

"शिकायला."

"कुणाकडून? त्या म्हाताऱ्यांकडून? मेल्यांना लग्न आणि मयत यांतला फरक आधी सांगता येत नाही, मारून झाल्यावर सांगतात!"

"सांगतात तरी," माकाया म्हणाला. त्याचा म्हाताऱ्यांवर विश्वास होता. गावात तेवढा त्याचा एकट्याचाच होता.

मग तिसरा निरोप. कुंभारणीच्या घरी ङोमा. माकायानं या वेळी विचारलंच नाही. हसतच गेला.

कुंभारीण महिनाभर अंथरुणाला खिळली होती. तिच्या अंगात काहीतरी शिरलंय म्हणून ते काढायला मालोंगा आजीला बोलावलं होतं. मालोंगा आजी पांढरी माती फासून बसली होती, ढोल हळू वाजत होते, आणि मधोमध कुंभारीण थरथर कापत भलत्याच आवाजात बडबडत होती. माकायानं उडी मारून तिचे दोन्ही हात धरले, तिला उभी केली, गरागरा फिरवली.

"एकाचे दोन होऊ देत! दोनाचे चार होऊ देत!"

"अरे, एक निघता निघेना!" कुंभार ओरडला. "हा आणखी तीन बोलावतोय!"

मालोंगा आजीनं माकायाचा कान धरला. पण ती आंब्याखालची नव्हती. तिनं मारलं नाही. खाली बसवलं आणि माणसाला सांगतात तसं सांगितलं.

"नीट ऐक. माणूस कापायला लागला, डोळे लाल झाले, आवाज बदलला, की समजावं, आत दुसरं कुणीतरी आहे. मग त्याला खाली दाबून धरावं आणि विचारावं, 'कोण आहेस? काय पाहिजे तुला? कधी सोडतोस?' ते आधी खोटं नाव सांगतं. ऐकायचं नाही. मग शिव्या देतं. भ्यायचं नाही. मग लालूच दाखवतं, तुझ्या मनातली गोष्ट ओळखून तीच देऊ करतं. घ्यायची नाही! घेतलीस की ते राहिलंच म्हणून समज. 'जातो' म्हणालं की नदीपर्यंत हाकलत न्यायचं. मागं वळून बघू द्यायचं नाही."

माकायाला एवढं सविस्तर आयुष्यात कुणी सांगितलं नव्हतं. त्यानं शब्द न् शब्द बसवला.

आणि मग आला लुकोकीमामाच्या गादीचा ङोमा.

सगळं गाव चौकात. लुझोलोनं माकायाला पहिल्या रांगेत बसवलं. "हात मांडीखाली घाल. नाचू नकोस, रडू नकोस, कुणाला शेकू नकोस. काही म्हणता काही करू नकोस."

"आणि कुणाच्या जिवावर बेतलं तर?"

"मामाच्या गादीत कुणाच्या जिवावर बेततंय? गप्प बस."

तो बसला. कुठल्या लग्नाच्या ङोमालाही झाला नसेल एवढा थाट होता. मामा आला. खांद्यावर बिबट्याचं कातडं, डोक्यावर पिसं. सकाळपासून ताडी चढवलेली, त्यामुळं डोळे लालभडक. वय झालेलं, काठी धरलेला हात थरथरत होता. मामा गादीवर बसला, घसा खाकरला, आणि रोजचा किरकिरा आवाज सोडून घुमवलेल्या मोठ्या आवाजात म्हणाला,

"आम्ही या गावाचे मालक आहोत. आम्ही सांगू ते झालं पाहिजे. आम्हाला कुणी प्रश्न विचारायचा नाही."

माकायाच्या अंगावर काटा आला. मामा एकटाच बसला होता, आणि म्हणत होता 'आम्ही'!

डोळे लाल. हात कापतोय. आवाज भलताच. आणि आत एकापेक्षा जास्त.

बिचारा मामा, माकायाला वाटलं. आपला होणारा मामेसासरा, आणि एवढ्या लोकांत कुणाच्या लक्षातही येत नाही. त्यानं मांडीखालचे हात काढले. दोन ढांगांत गादीवर पोचला, मामाला पालथा पाडला आणि पाठीवर गुडघा रोवला.

"कोण आहेस तू?"

"अरे मी लुकोकी!"

"खोटं नाव," माकाया लोकांना म्हणाला. "आधी खोटंच सांगतं."

ढोलवाल्यांचे हात सवयीचे गुलाम. माणूस दाबून धरलाय आणि प्रश्न चाललेत, एवढं त्यांना दिसलं. त्यांनी लगेच अंगातलं काढायचा ठेका धरला. ठेका सुरू झाला तशी बाया झुलायला लागल्या.

"कोण आहेस?"

"मी मुखिया आहे, हरामखोरा! तुझ्या आईला—"

"शिव्या," माकाया म्हणाला. "बरोबर चाललंय."

आंब्याखालचे म्हातारे उठायला गेले. लोकांनी त्यांना खांद्याला धरून खाली बसवलं. "ङोमा चाललाय. मधे उठत नाहीत. एवढंही कळत नाही?"

मालोंगा आजी कडेला उभी होती. तिला थांबवता आलं असतं. ती म्हणाली, "प्रश्न बरोबर विचारतोय पोरगा."

"काय पाहिजे तुला?" माकायानं गुडघा आणखी दाबला. मागून कोळी ओरडला, "माझा बोकड कुणी नेला, तेही विचार!"

"मी नेला! खाल्ला! आता सोड!"

"तू सोड! कधी सोडतोस?"

"सोड!" सगळं गाव ठेक्यात ओरडलं. "सोड! सोड!" एवढ्या मनापासून गावानं कुठलाच ङोमा गायला नव्हता.

मामाचा श्वास कोंडला. त्यानं मान वाकडी करून शेवटचा डाव टाकला. "माकाया, बाबा, ऐक. लुझोलो देतो तुला! आत्ता देतो! सगळ्या गावादेखत देतो! घे पोरगी आणि ऊठ!"

ढोल थांबले.

"माकाया!" लुझोलो किंचाळली. "हो म्हण!"

आयुष्यात माकायाला एकच गोष्ट हवी होती, आणि नेमकी तीच कानाशी आली होती. त्याला आजीचा शब्द न् शब्द आठवला. त्यानं डोळे गच्च मिटले.

"नको!"

"अरे, घे म्हण मेल्या!"

"नको! तिला मी घेणार नाही! कितीही दिलीस तरी घेणार नाही!"

मामाचा धीरच खचला. पोरगीही नको म्हणणाऱ्या माणसाशी बोलायचं काय? "जातो," तो रडकुंडीला येऊन म्हणाला, "जातो रे बाबा."

हेच हवं होतं. माकायानं त्याला मानगुटीला धरून उभा केला आणि नदीकडे पिटाळला. मागून ढोल, मागून गाव. "मागं बघायचं नाही!" माकाया ओरडत होता. मामानं बघितलं नाही. काठावर पहिली नाव दिसली तीत त्यानं बिबट्याच्या कातड्यासकट उडी घेतली आणि हातानंच पाणी मारत पलीकडं गेला.

माकाया ओल्या पायांनी चौकात परतला. म्हातारे वाट अडवून उभे होते. "अरे, मुखिया कुठाय आमचा?"

"गेला," माकाया म्हणाला. "कायमचा गेला. फार मुरलेला होता. जाताना मामांनाही घेऊन गेला."

गर्दीतून लुझोलो पुढं आली. तिचे डोळे भरून आले होते.

"आणि त्यानं मला देऊ केलं होतं, त्याचं काय?"

माकायानं छाती पुढं काढली. तिनं शाबासकी द्यावी म्हणून थोडा वेळ थांबला.

"तू तर पार फसली होतीस," तो म्हणाला. "मी नाही फसलो."