भूमानाचा पट आणि झिजलेली सांज

कृतयुगाचा सूर्य कलला होता आणि त्रेतायुगाचा अजून उगवायचा होता. त्या दोन युगांच्या उंबरठ्यावर, वेत्रिणी नदीच्या तीरी, भूमान नावाचा विश्वकर्म्याच्या कुळातला एक शिल्पी राहत असे. छायेवरून पर्वताची उंची सांगणारा दंड त्याने घडवला, चालता चालता योजने मोजणारे चक्र घडवले. आणि पृथ्वी पटावर रेखण्यात तर देवांनीही त्याचा हेवा करावा! घरी पत्नी आर्द्रा. लग्नाची हळद अजून उतरली नव्हती म्हणा ना.

एकदा देवदैत्यांत सीमेवरून तंटा पेटला. इंद्राने आज्ञा केली, "हे शिल्पिश्रेष्ठा, समुद्रवलयांकित समग्र पृथ्वी मला पटावर आणून दे!"

आर्द्रेने शिदोरी बांधली, पण हातातून सोडली नाही. "परत कधी?"

"पट पुरा झाला की."

"आणि पृथ्वी पुरी होते का हो कधी?"

भूमान हसला आणि निघाला. बायकोच्या प्रश्नावर हसून निघू नये, एवढे त्या ज्ञानी माणसाला कळले नाही.

वर्षे लोटली. गजयूथांनी घुसळलेली सरोवरे, होमधूमाने सावळलेले आश्रम, हिमाच्छादित शिखरे, सारे पटावर उतरले. उत्तरसमुद्राच्या काठी शेवटची रेघ ओढून तो पाण्यावर वाकला, तर आतून एक म्हातारा त्याच्याकडे पाहत होता. भूमानाने स्वतःला ओळखले. तिथेच बसून त्याने काळाचे उग्र तप मांडले.

काळ प्रकट झाला. ना बाल, ना वृद्ध. "वर माग."

"भगवन्, माझे तारुण्य गेले त्याचे दुःख नाही. जिला सोडून आलो, तिची वर्षे मला हवीत. या पटावर मी बोट ठेवीन तिथे तुम्ही वाकावे, गेलेला काळ परत यावा!"

"या घटकेला पटावर जे रेखलेले आहे, तिथे वाकेन. तुझा देह मात्र आहे तसाच राहील. आणि जे रेखलेले नाही, तिथे मी कुणाचा नाही. पट पुन्हा एकदा पाहून घे."

"तीळभर जागा सुटलेली नाही, भगवन्!"

"तथास्तु," काळ म्हणाला. पण जरा थांबून म्हणाला.

भूमानाने वेत्रिणीवर बोट आणले, आणि बोट तिथेच अडकले. त्याच्या घराच्या जागी पट कोरा होता! पृथ्वी मोजणाऱ्यांच्या कुळाची रीतच होती, आपले घर आपण रेखायचे नाही. नाहीतर हात आपल्याच कुंपणाकडे झुकतो आणि शेजाऱ्याची भुई खातो. ही रीत त्याच्या हातात इतकी मुरली होती, की घर सोडल्याचे त्याला आठवलेही नाही. घाईघाईने त्याने आता ते काढले. पण ती नुसती शाई होती.

मग तो पायी घरी आला. दार लोटलेले, चूल थंडगार. शेजारच्या अंगणातून ऋषिपत्नी पिप्पला काठी टेकत आली.

"आलात? गेली हो आर्द्रा, गेल्या थंडीत. भाऊ न्यायला आला, तर गेली नाही. कुणाकडे बसली नाही, उठली नाही. सांज झाली की माझ्याकडे विस्तव मागायला यायची, तेवढीच. रोज कशी विझेल चूल? बोलायला माणूस हवे म्हणून विझवायची, मला कळत नव्हते होय?"

पिप्पलेचे अंगण! ते पटावर होते. भूमानाने त्यावर बोट ठेवले, आणि जुनी सांज उतरली.

"कुठले हो बाबा तुम्ही? कुणाकडे आलात?" तरुण पिप्पला विचारत होती. "चेहरा ओळखीचा वाटतोय." तेवढ्यात तिच्या चुलीतला विस्तव खापरात घेऊन आर्द्रा बाहेर आली.

"आर्द्रे, मी भूमान."

"बाबा, माझ्या नवऱ्याच्या मिशीत एक पांढरा केस नाही. थट्टेला दुसरे घर बघा." मग त्याचे डोळे पाहून ती हळू आवाजात म्हणाली, "वाटेत दिसले का ते? जेवतात ना वेळेवर?"

"जेवतो."

"जाते मी. विस्तव विझेल."

तो मागोमाग धावला. कुंपण ओलांडताच पुढे तीच थंड चूल, तेच रिकामे घर. तिथे काळ त्याचा नव्हता. पुन्हा त्याने बोट ठेवले. पुन्हा. पुन्हा. किती वेळा, याला गणती नाही.

अखेर काळ पुढे उभा राहिला. "भूमाना! तुझ्या बोटाखाली ही सांज झिजून गेली. ती फाटली, तर दिवस आणि रात्र वेगळे होतील आणि प्राणिमात्र मधल्या पोकळीत पडतील. पट दे!"

"शेवटचे एकदा, भगवन्. तिला सोडवून येतो."

आणि त्या सांजेला तो म्हणाला, "मुली, तुझ्या नवऱ्याला फार उशीर होईल. भाऊ आला की माहेरी जा."

आर्द्रेने खापरावर पदराचा आडोसा धरला. "उशिरा आले, तर घरी कुणी नको का?"

ती कुंपणाआड गेली. या खेपेला भूमान मागे धावला नाही. त्याने पट काळाच्या हाती दिला, आणि ज्या घरात काळाचा वरही चालत नाही त्या घरात जाऊन एकट्याने चूल पेटवली.

वस्त्र झिजले तर ठिगळ लावता येते. सांजेला कुठून लावणार? काळाने ती तशीच जगात परत सोडली. तेव्हापासून सूर्य बुडाल्यावर आणि दिवा लागण्याआधी ती पातळ झालेली घटका घराघरावरून जाते. तिला आपण कातरवेळ म्हणतो. घरची सगळी माणसे घरात असतात, तरी कुणीतरी यायचे राहिले आहे असे वाटते. आपण दारापर्यंत जातो, आणि कशाला आलो ते न कळून तिथेच उभे राहतो.