कोरं खोरं

अमेरिका नुकती स्वतंत्र झाली होती, तेव्हाची गोष्ट. एका बंदराच्या गावात टॅबिथाबाईंचं नकाशांचं दुकान होतं. नकाशा छापायचा काळ्या शाईत आणि राज्यांच्या हद्दी मग बायकांनी ब्रशाने रंगवायच्या, अशी तिथली रीत.

एके सकाळी खुद्द गव्हर्नरसाहेब आले आणि नकाशावर काठी आपटून गरजले, "हे खोरं कोरं का? शेजारचं राज्य काहीही म्हणो, ते आमचंय! आमच्या गुलाबीत रंगवा, नाहीतर दुकानाला टाळं ठोकतो!"

बायकांचे ब्रश हवेतच थिजले. टॅबिथाबाईंनी मात्र ब्रश गुलाबी रंगात बुडवला.

"रंगवते की, साहेब. बरं झालं, तुम्हीच आलात. त्या खोऱ्यातली माणसं बाहेर पायरीवर बसलीत. त्यांचा पूल पुरात वाहून गेलाय, आणि दोन्ही राज्यं म्हणतात, आमचा नाही. मी म्हटलं, ज्याचा रंग त्याने पूल बांधायचा. बोलावू त्यांना आत?"

साहेबांनी दाराकडे पाहिलं. ब्रश कागदाला टेकणार, तोच त्यांनी बाईंचं मनगट धरलं.

"थांबा, बाई! कोरंच राहू दे. उठून दिसतं!"