राजाची तलवार धरणारा

खूप जुनी गोष्ट आहे बरं का, इतकी जुनी की त्या राज्याचं नावही आता कुणाला आठवत नाही.

तिथला राजा शूर होता, दिलदार होता, पण महाहट्टी! नगरसभेत लोक त्याला तोंडावर जाब विचारत. एक दिवस त्याचं डोकं फिरलं आणि त्याने सभेला कुलूपच ठोकलं.

राजाचा सेनापती त्याचा बालमित्र. दोघे एका ताटात जेवून वाढलेले. सभा बंद झाली याचं सेनापतीला फार वाईट वाटलं. पण मित्राला दुखवायचं कसं, म्हणून तो गप्प बसला. चुकला तो इथेच.

त्या राज्यात एक रीत होती. वसंतोत्सवाला राजा नदीत स्नान करी आणि सेनापती काठावर त्याची तलवार धरून उभा राही. पहारेकरी दूर थांबत.

काही सरदारांनी सेनापतीला गाठलं. "सभा उघडायची तर राजा जायलाच हवा. तू वार करू नकोस. फक्त तलवार घेऊन बाजूला हो, बाकीचं आम्ही बघतो."

"अहो, पण तो माझा मित्र आहे!"

"मित्र मोठा की नगरी?"

इकडे आड, तिकडे विहीर! सेनापतीला अन्न गोड लागेना.

उत्सवाचा दिवस आला. राजा पाण्यात उतरला आणि झाडांआडून सरदार पुढे सरकले. सेनापतीने तलवार उपसून त्यांची वाट अडवली.

"महाराज, हे तुम्हाला मारायला आलेत!" तो ओरडला. "मी जिवंत असेपर्यंत ते होणार नाही. पण सभा बंद केलीत हा अन्याय झाला, हेही आज सांगतो!"

पहारेकऱ्यांनी धावत येऊन सरदारांना पकडलं. राजा तसाच निथळत वर आला. त्याने तलवार हिसकावली आणि सेनापतीच्या गळ्याला लावली.

"सभेचं हे मनात कधीपासून होतं?"

"कुलूप लागलं त्या दिवसापासून."

"मग तेव्हाच का नाही बोललास, गड्या?" राजाने तलवार खाली घेतली. "माझ्यावर ही वेळ आली नसती, आणि यांच्यावरही नाही."



राजाने सरदारांना राज्याबाहेर घालवलं आणि सभेचं कुलूप स्वतःच्या हाताने काढलं. सेनापतीचा तलवार धरायचा मान मात्र गेला. त्याला नवं काम मिळालं: राजा चुकला की सभेत सर्वांत आधी उभं राहून बोलायचं. ते त्याने जन्मभर चोख केलं.

म्हणून सांगतो, खरं वेळेवर तोंडावर बोलावं. मग मित्र की गाव, असं निवडायची पाळी येत नाही.