राजाची झोप आणि भिजत घातलेले गहू

विषय : सणाच्या केकसाठी गहू तातडीने भिजण्याबाबत.
संदर्भ : राजाचा हुकूम, तोंडी आणि रागात दिलेला.

तर बरं का, इटली देशात समुद्राकाठी एक राजा होता. त्याच्याकडे सगळं होतं, फक्त झोप नव्हती. कित्येक वर्षं डोळ्याला डोळा नाही. मग दम कुठून धरवणार? जे हवं ते आत्ताच्या आत्ता.

एकदा राजवैद्य म्हणाला, "महाराज, नुन्झियाआजीचा केक खाऊन लोक ढाराढूर झोपतात." दुसरं औषध त्याला सुचत नव्हतं, एवढं मात्र त्याने सांगितलं नाही.

ही नुन्झियाआजी एका गल्लीच्या टोकाला राहायची. तिच्या दारात मातीची जाड भट्टी होती, तिच्या आईने बांधलेली. सगळी गल्ली तिथेच भाजून न्यायची. ईस्टरच्या सणाला आजी केक करी. आपण खिरीला खपली गहू भिजवतो ना, तसे अख्खे गहू भिजत घालायचे. तीन दिवस, रोज पाणी बदलून. मग दुधात शिजवायचे. मग त्यात रिकोटा, म्हणजे छान्यासारखं मऊ ताजं चीज, साखर, अंडी, संत्र्याच्या फुलांचं सुवासिक पाणी. वर पिठाच्या पट्ट्यांची जाळी.

गहू नुकते भिजत पडले होते, तोच हुकूम आला. दिवस मावळायच्या आत केक, नाहीतर भट्टी जमीनदोस्त!

आजीने भट्टीवर हात ठेवला. भट्टी गेली तर गल्लीचा सण गेला. आणि आईची म्हणून तेवढी एकच वस्तू उरली होती.

मग आला प्रधान. त्याने पातेल्यासमोर उभं राहून हुकूम वाचला. "गव्हांनो, ताबडतोब भिजा!"

पातेल्यातून आवाज आला, "आदेश मिळाला. कार्यवाही सुरू आहे."

असं उत्तर प्रधान स्वतः रोज देत असे. तो समाधानाने परत गेला.

मग आला सेनापती. त्याने ढोल बडवले. गहू म्हणाले, "अरे, आम्ही मातीत गाडून घेतलं, थंडी सोसली, मग उगवलो. तुझ्या ढोलाला भिऊ होय?"

सेनापतीने ढोल आवरले.

मग राजा स्वतः आला. "झाले का?"

"नाही, महाराज."

"मग मी काय करू?"

"बसा," आजी म्हणाली, आणि आपल्याच जिभेला घाबरली.

पण राजा बसला. पिठाच्या पोत्यावर, भट्टीच्या उबदार भिंतीला पाठ लावून.

"आता?"

"पाणी बदला."

राजाने स्वतःच्या हाताने पाणी बदललं. गहू वर आले, फिरले, हळूहळू तळाशी बसले.

"आता?"

"आता काही नाही."

"काहीच नाही?"

"काहीच नाही, महाराज. ते भिजतात. आपण नुसतं बसायचं."

आपल्यावाचून काही अडलेलं नाही, हे राजाला आजवर कुणी सांगितलंच नव्हतं, बरं का. तो गव्हांकडे बघत राहिला. मग मान कलली. मग घोरणं सुरू झालं.

दिवस मावळला. शिपाई कुदळी घेऊन आले, मागोमाग प्रधान आणि सेनापती. पण भट्टी पाडायची तर तिला टेकलेल्या राजाला आधी उठवायला हवं. उठवणार कोण? प्रधानाने सेनापतीकडे पाहिलं. सेनापतीने आभाळाकडे.

आजीने तिथेच अर्ज दिला : भट्टी पाडण्याचा हुकूम मागे घ्यावा, ही विनंती. प्रधानाने त्यावर शेरा मारला : महाराज जागे झाल्यावर सादर करावा.

मग गहू टम्म फुगले. आजीने बेताने जाळ केला. केक झाले, गल्लीने पोटभर खाल्ले. राजाचा तुकडा तिने फडक्याखाली झाकून ठेवला. तेव्हापासून दर सणाला ती ताजा ठेवते आणि जुना आपण खाते. राजा मात्र झोपलाय. कित्येक वर्षांची रजा साठलेली, ती एकदम घेतली त्याने. राज्य छान चाललंय. तोही सुखात, गल्लीही सुखात.

आता तुम्हीही टेका डोकी. आवाज करू नका, राजा उठेल. नुन्झियाआजीचा अर्ज अद्याप प्रलंबित आहे.